दुपटी वाळवण्याचं कपाट

माझी मोठी मुलगी ठरल्या वेळेच्या बरीच आधी, भर आषाढात जन्मली. बाळंतपणाला मी माहेरी, ठाण्याला कोपरीत जायची होते. वडिलांनी तिथली मागची खोली चुना लावून घेतली होती, सुईणीला सांगून ठेवलं होतं, आणि इकडे डोंबिवलीला माझी ट्रंक भरून तयार होती. न्यायला यायचा दिवसही ठरला होता. त्याच्या काही दिवस आधी एका सकाळी मी तांदूळ निवडायला बसले आणि मला उठताच येईना. दिवेलागणीपर्यंत मुलगी झाली. ट्रंक भिंतीशी तशीच उभी राहिली.

स्वातंत्र्य मिळून चार-पाच वर्षं झाली असतील तेव्हा. डोंबिवली अगदी लहान होती. स्टेशनच्या आसपास थोडी घरं, ती संपली की भातशेतं. आमचं बिऱ्हाड एका आगरी शेतकऱ्याकडे होतं. त्याने आपल्या घराला लागूनच भाडेकरूसाठी दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि मागे पडवी असं बांधून काढलं होतं. घरात आम्ही चौघं. मी, आमचे हे, सासूबाई आणि मामंजी. हे मुंबईला एका कचेरीत नोकरीला होते. सकाळी जायचे ते संध्याकाळी परत यायचे. मामंजी ठाण्याच्या एका शाळेत ड्रॉइंग मास्तर होते आणि नुकतेच निवृत्त झाले होते.

मामंजींबद्दल थोडं सांगायला हवं. लग्नाला दोन वर्षं होत आली होती, तरी ते माझ्याशी एकदाही थेट बोललेले नव्हते. यात राग वगैरे काही नव्हता. त्यांच्या घरची ती पद्धत होती आणि स्वभावाने ते मुळातच अबोल होते. चहा हवा असला की ते सासूबाईंना म्हणत, चहा होईल का विचारा. मी तिथेच चार हात अंतरावर उभी असे. सासूबाई माझ्याकडे बघत आणि मी आधण ठेवत असे. बाहेरच्या खोलीत खिडकीशी त्यांचं टेबल होतं आणि टेबलामागे एक सागवानी कपाट. त्यात त्यांच्या विद्यार्थ्यांनी वर्षानुवर्षं काढलेली चित्रं गठ्ठे बांधून ठेवलेली होती. त्या कपाटाला त्यांच्याशिवाय कुणी हात लावत नसे.

मुलगी जन्मली ती तळहातावर मावेल एवढीच होती, असं सासूबाई पुढे सगळ्यांना सांगत. मला आठवतं ते एवढंच की तिच्या अंगावरची कातडी सैल होती, जणू मोठ्या बाळाची तिला घातलीय. रडायची तेही मांजराच्या पिल्लासारखं. डॉक्टर आले. वयस्क होते, सायकलवरून छत्री धरून यायचे. त्यांनी तिला कापसात गुंडाळलं आणि जायच्या आधी सासूबाईंना बाजूला घेऊन सांगितलं, की हिला आता औषध असं काही नाही. दर थोड्या वेळाने दूध आणि अंगाला सतत ऊब. ओलं फडकं क्षणभरही अंगाशी राहता कामा नये.

हे सांगायला सोपं होतं. पाऊस आठवडा-आठवडा उघडत नव्हता. एवढंसं पोर, पण दिवसाला किती लंगोट आणि किती दुपटी लागायची याला सुमार नव्हता. सासूबाई आणि मोलकरीण मिळून धूत होत्या, पण वाळणार कुठे? पडवीत दोऱ्या झाल्या, स्वयंपाकघरात चुलीवरच्या दांडीवर झालं, बाहेरच्या खोलीत दोन भिंतींमध्ये दोरी आली. मामंजींच्या टेबलावर लंगोटांच्या रांगा लोंबायला लागल्या. माणसाला घरात वाकून चालावं लागे. आणि एवढं करून दुसऱ्या दिवशी दुपटं हातात घ्यावं तर ते गार आणि दमट. तसंच ठेवलं तर कुबट वास. माझ्या जुन्या साड्यांची मऊ दुपटी शिवलेली होती. त्यांच्यावर काळे ठिपके उठायला लागले.

घरमालकीण रोज एकदा डोकावून जायची. तिला आम्ही काकी म्हणायचो. उंच, काळीसावळी, कासोटा घातलेली बाई. ती उंबऱ्यात उभी राहून वर बघायची आणि म्हणायची, "गो बाय, तुमच्या घरान त आभाळच उतरलंय." मग आपल्या घरचं एखादं कोरडं जुनेर देऊन जायची. पण तिच्याकडेही सून पोटुशी होती. मागून मागून किती मागणार?

सासूबाईंना यावरचा उपाय ठाऊक होता, कारण त्यांच्या माहेरी कोकणात तो सगळेच करायचे. बाळंतिणीच्या खोलीत शेगडी ठेवायची, तिच्यावर बांबूचं मोठं डालं पालथं घालायचं आणि डाल्यावर दुपटी पसरायची. कोंबड्या झाकायला वापरतात तसलं डालं काकीकडून मिळालं. घोडबंदरच्या बाजूचा लोणारी कोळसा ठाण्याच्या वखारीत यायचा. तो मामंजींनी पोतंभर आणवला. पहिल्या दिवशी ती गरम दुपटी हातात आली तेव्हा मला रडू आलं. एका झबल्याला ठिणगी लागून भोक पडलं, कपड्यांना धुराचा वास यायला लागला, पण कोरडे होते. आम्ही सगळेच जरा सुटकेचा निःश्वास टाकायला लागलो होतो.

मग ती दुपार आली.

वारा भयंकर सुटला होता आणि पाऊस आडवा येत होता. बाळाला झोत लागू नये म्हणून सासूबाईंनी खोलीच्या दोन्ही खिडक्या लावल्या, दार ओढून घेतलं आणि काकीच्या सुनेला काही होतंय म्हणून त्या शेजारी गेल्या. मी बाळाला घेऊन पडले होते. कोपऱ्यात डाल्याखाली शेगडी होती. डोकं जड झालंय असं वाटलं, पण बाळंतिणीचं डोकं कधी हलकं असतं? मी डोळे मिटले. नंतर कधीतरी मला वाटलं की उठून दार उघडावं, पण हात उचलण्याइतकंही बळ येईना, आणि त्याचं काही विशेषही वाटेना. ते सगळ्यात वाईट होतं, असं मला आता वाटतं. भीती वाटायला हवी होती, ती वाटत नव्हती.

मामंजी बाहेरच्या खोलीत होते. पुढे त्यांनी सांगितलं, की बाळाचा आवाज बराच वेळ आला नाही म्हणून ते दाराशी आले. त्यांनी सासूबाईंना हाक मारली. मग मोलकरणीला मारली. मला हाक मारायला त्यांच्याजवळ नावच नव्हतं, कारण त्यांनी ते कधी घेतलं नव्हतं. बाळंतिणीच्या खोलीत सासऱ्याने पाऊल टाकायचं नाही हा तर नियमच होता. त्यांनी दार ढकललं आणि ते आत आले. मला धूसर आठवतंय, खिडक्या धाडकन उघडल्या आणि पावसाचा सपकारा अंगावर आला. त्यांनी डालं लाथेने उडवलं, शेगडी धोतराच्या सोग्यात धरून बाहेर पडवीत नेली, परत आले, बाळाला उचललं आणि मला म्हणाले, "उठा. बाहेर चला. माझा हात धरा."

ते माझ्याशी बोललेले हे पहिले शब्द.

पडवीत मी भिंतीला टेकून बसले आणि मला उलट्या झाल्या. बाळ त्यांच्या हातात होतं. त्यांनी तिला सदऱ्याच्या आत छातीशी धरलं होतं आणि ते तिच्या तळव्यांना बोटाने टिचक्या मारत होते. ती रडली, नेहमीपेक्षा जोरात. सासूबाई धावत आल्या तोवर रडं चालूच होतं. डॉक्टरांनी संध्याकाळी येऊन दोघींना तपासलं. बंद खोलीत निखारे ठेवले की हवेत विष साठतं, त्याला वास नसतो, रंग नसतो, असं त्यांनी समजावून सांगितलं. थोडा वेळ आणखी गेला असता तर, एवढं बोलून ते थांबले. शेगडी पुन्हा त्या खोलीत जायची नाही, हे त्यांनी बजावलं. मामंजींच्या दोन्ही हातांच्या बोटांवर फोड आले होते. त्यावर त्यांनी मलम लावायला दिलं.

सासूबाई दोन दिवस कुणाशी बोलल्या नाहीत. त्यांना कुणी बोल लावला नव्हता. तिसऱ्या दिवशी माझ्या डोक्याला तेल लावताना त्या आपण होऊन सांगायला लागल्या. आमच्या ह्यांच्या आधी त्यांना एक मुलगा झाला होता. तोही पावसाळ्यातच. अंगात कफ भरून तो महिन्याभरात गेला. "त्या वेळी घरात कोरडं म्हणून एक चिंधी नव्हती," त्या म्हणाल्या. "हे रोज विचारायचे, वाळलं का? मी म्हणायचे, नाही. शेवटी त्यांनी विचारायचंच सोडलं." हे मी कधी ऐकलं नव्हतं. मला वाटतं, आमच्या ह्यांनीही ऐकलं नव्हतं.

शेगडी बंद झाली आणि दुपट्यांचा प्रश्न होता तिथेच आला. आता आमच्या यांनी मनावर घेतलं. घरात वीज होती. बाहेरच्या खोलीत एक दिवा, आतल्या खोलीत एक, एवढीच. मुंबईच्या एका दुकानाच्या काचेत यांनी विजेचा हीटर पाहिला होता. पाठीला चकचकीत पत्रा आणि पुढे तारेची गुंडाळी. नुसतं बटण दाबायचं, धूर नाही, राख नाही, विष नाही. कचेरीतल्या एका मित्राकडे तसा होता, तो हे दोन दिवसांसाठी मागून घेऊन आले. खुर्चीवर दुपटी पसरली, हीटर समोर ठेवला, यांनी दिव्याच्या जागेवरून वायर जोडली. तार लाल झाली. ती आम्हाला सगळ्यांना मोठी सुंदर वाटली. सासूबाई तर हात जोडायच्याच बाकी होत्या. मग कुठेतरी चट असा आवाज झाला आणि आमचं घर, काकीचं घर आणि त्यापलीकडचं किराणा दुकान, सगळीकडे एकदम अंधार झाला.

घरमालक कंदील घेऊन आला. भांडायला आलाय असं वाटून हे पुढे झाले. तो आत आला, त्याने हीटरकडे वाकून पाहिलं, बाळाकडे पाहिलं, आणि एवढंच म्हणाला की घरात घातलेली वायर दिव्यापुरतीच आहे, असलं यंत्र तिला झेपायचं नाही. जवळच ठाकुर्लीला एवढं मोठं वीजघर, पण ती वीज रेल्वेची, आम्हाला तिचा काय उपयोग, असं म्हणून तो हसला. कंदील आमच्याकडेच ठेवून तो अंधारात घरी गेला. हीटर दुसऱ्या दिवशी कागदात गुंडाळून परत मुंबईला गेला.

त्याच दिवशी सकाळी मामंजी टेबलाशी बसलेले मला आतून दिसले. फोडांवर पट्ट्या बांधलेल्या हातांनी ते पट्टी आणि पेन्सिल घेऊन काहीतरी आखत होते. दुपारी ते उठले आणि त्यांनी सागवानी कपाट उघडलं. एकेक गठ्ठा काढून ते जमिनीवर ठेवायला लागले. सासूबाईंनी विचारलं, हे काय चाललंय. ते म्हणाले, कपाट रिकामं हवंय. चित्रांचं काय करणार? तर कोपरीला न्यायची म्हणून भरलेली माझी ट्रंक त्यांनी रिकामी करून मागितली. माझी लुगडी सासूबाईंच्या पेटीत गेली आणि ट्रंकेत एवढ्या वर्षांची मुलांची चित्रं.

त्यांच्या मनात काय होतं ते मला सासूबाईंकडून कळलं. आग बाळापासून लांब, मागच्या पडवीत ठेवायची. कपाटाचा तळ कापून काढायचा, तिथे जाड पत्रा ठोकायचा. पत्र्याखाली सगळ्या बाजूंनी पत्रा लावलेला एक कप्पा, त्यात शेगडी. शेगडीचा विषारी वायू आणि धूर एका नळकांड्यातून पडवीबाहेर काढायचा, म्हणजे तो कपड्यांना शिवायचाच नाही. तापेल तो पत्रा, आणि पत्र्यावरची हवा कपडे वाळवील. कपाटातल्या फळ्या काढून तिथे बांबूच्या काठ्या बसवायच्या.

पाऊस कोसळत असताना ते कल्याणला गेले, कारण पत्र्याचं काम करणारा चांगला माणूस तिथल्या बाजारात होता. दोन खेपा झाल्या. परत आले तेव्हा धोतर गुडघ्यापर्यंत चिखलाने भरलेलं आणि काखेत नळकांडं. त्यावर मात्र थेंब नव्हता, ते त्यांनी छत्रीखाली धरलं होतं आणि स्वतः भिजले होते. सुतार आमच्याच आळीतला होता. सागवानाच्या तळाला करवत लावायला त्याचा हात होईना. त्याने मामंजींना तीनतीनदा विचारलं, खरंच कापू का. मामंजी म्हणाले, काप.

कपाट पडवीत उभं राहिलं. पहिल्या दिवशी आम्ही सगळी भोवती जमलो. घरमालक, काकी, तिची सून, सुतार, सगळे. शेगडी पेटवून आत सरकवली, लंगोट आणि दुपटी काठ्यांवर टाकली, दार घट्ट लावून घेतलं. ऊब बाहेर जाऊ नये म्हणून मामंजींनी दाराच्या फटींत चिंध्या कोंबल्या होत्या. बऱ्याच वेळाने दार उघडलं. आतून गरम हवेचा लोट आला. सासूबाईंनी दुपटं काढलं. ते गरम होतं, अगदी चटका बसेल असं. आणि ओलंच होतं. पिळून काढलेलं जसं असतं तसंच, फक्त गरम.

काकी म्हणाली, आज नाय त उद्या होईल, आणि सुनेला घेऊन गेली. दुसऱ्या दिवशी मामंजींनी कोळसा दुप्पट घातला. वरची दुपटी तशीच दमट राहिली आणि खालच्या काठीवरचा लंगोट करपून पिवळा झाला. त्यांनी तो हातात घेतला, उलटसुलट करून पाहिला आणि पडवीच्या पायरीवर जाऊन बसले. पावसाकडे बघत होते. रिकाम्या टेबलामागे भिंतीवर कपाटाचा पांढरा चौकोन उमटलेला होता, तो मला दारातून दिसत होता.

मी मुलीला सासूबाईंकडे दिलं आणि कपाटाशी गेले. बाळंतिणीने पडवीत यायचं नव्हतं, पण त्या दुपारनंतर घरातले बरेच नियम ढिले झाले होते. मी दार उघडून आत डोकं घातलं. खालचा पत्रा तापलेला होता. मी वर पाहिलं. कपाटाच्या आतल्या छताला पाण्याचे थेंब लोंबत होते. एक माझ्या कपाळावर पडला.

ते बघून मला काय झालंय ते कळलं. भात शिजताना झाकणाला आतून असंच पाणी धरतं. झाकण घट्ट ठेवलं की तेच पाणी परत भातात पडतं. म्हणून तर आपण ते जरा कलतं करतो. कपड्यातलं पाणी निघत होतं, पण त्याला बाहेर जायला वाट नव्हती. ते वर जाऊन परत कपड्यांवरच येत होतं.

सासूबाई खोलीत होत्या. त्यांना सांगायचं, मग त्या मामंजींना सांगणार, मग ते त्यांना काही विचारणार आणि त्या परत माझ्याकडे येणार. मी पदर सावरला आणि पायरीपाशी जाऊन उभी राहिले.

"मामंजी," मी म्हणाले, "वरून पाणी पडतंय. वाफेला बाहेर जायला वाट नाही."

त्यांनी मान वळवली. मला वाटलं ते उठून आत निघून जातील. ते उठले, पण कपाटाकडे गेले. आत डोकं घालून त्यांनी छतावरून बोट फिरवलं आणि ओलं बोट बघत राहिले. मी भाताच्या झाकणाचं सांगितलं. त्यांनी दारातल्या सगळ्या चिंध्या ओढून काढल्या.

"वर भोकं पाडू," ते म्हणाले. "किती पाडायची?"

हे ते मला विचारत होते. मी म्हणाले की नुसती वर पाडून चालणार नाहीत, खालूनही हवा आत यायला हवी, नाहीतर वाफ वर ढकलणार कोण? त्यावर त्यांनी मला टेबलावरून कागद-पेन्सिल आणायला सांगितलं. "पेन्सिल टोकदार आणा," असंही म्हणाले. मी आणली. पडवीतल्या फळीवर कागद ठेवून आम्ही दोघं उभ्यानेच बोलत होतो. ते रेघ काढायचे आणि माझ्याकडे बघायचे. मी खालचं भोक कुठे हवं ते बोटाने दाखवायचे. सासूबाई मुलीला घेऊन दारात आल्या, आम्हाला बघून तिथेच थांबल्या आणि परत आत गेल्या.

सुतार आला तेव्हा त्याने विचारलं, भोकं केवढी पाडायची, मास्तर? मामंजी म्हणाले, "त्यांना विचार. ते त्यांनी सुचवलंय."

मी रुपयाचं नाणं काढून दिलं. एवढी.

त्या दिवशी दुपारी दुपटी वाळली. कडक उन्हात वाळतात तशी, हलकी, जरा खरखरीत, आणि धुराचा वास नाही. सासूबाईंनी एक गालाला लावून पाहिलं, मग मामंजींच्या हातात दिलं. त्यांनी ते खूप वेळ हातात धरून ठेवलं. मग म्हणाले, वाळलं. एवढंच. सासूबाई पदर डोळ्यांना लावून आत गेल्या. मी मुलीची ओली दुपटी काढली आणि तिला त्या गरम दुपट्यात गुंडाळलं. तिने अंग ताणलं, एवढीशी मूठ वर केली आणि झोपून गेली.

त्यानंतर सगळं एकदम सुरळीत झालं असं नाही. मध्ये एकदा तिला सर्दी झाली आणि आम्ही चार दिवस धास्तावलेलो होतो. पण दूध ओढायला लागली, रडं मोठं झालं, सैल कातडी हळूहळू भरत गेली. श्रावण संपता संपता डॉक्टरांनी तिला उचललं आणि म्हणाले, आता हिला मी बघायला यायची गरज नाही. जाता जाता पडवीत जाऊन त्यांनी कपाट आतून-बाहेरून नीट पाहिलं. आपल्या दुसऱ्या एका पेशंटच्या घरी असं करता येईल का, म्हणून मामंजींना विचारलं.

गणपतीच्या आसपास काकीची सून बाळंत झाली. जुळे मुलगे. आता दोन्ही घरांची दुपटी आमच्या कपाटात वाळायला लागली. सकाळी आमची, दुपारी त्यांची. काकी स्वतः टोपली घेऊन यायची आणि वाळेपर्यंत पडवीत बसून सासूबाईंशी गप्पा मारायची. काकीच्या घराशी सोवळ्या-ओवळ्याचं जरा अंतर ठेवणाऱ्या सासूबाई आता तिच्या नातवंडांचे लंगोट घड्या करून द्यायला लागल्या होत्या. कपाट दोन घरांना पुरेना तेव्हा घरमालकाने आपल्या वाडीतल्या आंब्याच्या फळ्या काढून दिल्या आणि मामंजींना दुसरं करून मागितलं.

मामंजींनी मला बोलावलं. टेबलावर कोरा कागद लावलेला होता.

"या वेळी तुम्ही काढा," ते म्हणाले. "मी बघतो."

मी म्हणाले, मला रेघसुद्धा सरळ येत नाही. ते म्हणाले, रेघ पट्टीने येते, कुठे काढायची ते तुम्हाला कळतं. मुलगी झोपली की मी तासभर तिथे बसायला लागले. समोरून, बाजूने, वरून, कपाट तिन्ही बाजूंनी कसं काढायचं ते त्यांनी शिकवलं. चुकलं की ते रबर पुढे सरकवायचे, बोलायचे नाहीत. सुताराने माझ्या त्या चित्रावरून कपाट केलं आणि एकही गोष्ट विचारायला आला नाही. ती मला फार मोठी शाबासकी वाटली. पुढच्या पावसाळ्याच्या आधी त्याने तशी आणखी काही केली. एक ठाकुर्लीला रेल्वेच्या वसाहतीत गेलं, एक डॉक्टरांच्या ओळखीने कल्याणला.

पाऊस ओसरल्यावर, आश्विनात, मी मुलीला घेऊन कोपरीला गेले. सोडायला हे यायचे होते, पण आयत्या वेळी मामंजी म्हणाले, मी जातो. वडील दारात वाट बघत उभे होते. त्यांनी रंगवून घेतलेली खोली अजून तशीच होती. त्यांनी नातीला हातात घेतलं. मग मामंजींना बसायला सांगितलं आणि म्हणाले, पोरीने तुम्हाला फार त्रास दिला असेल.

मामंजी म्हणाले, "छे. आमच्याकडे त्यांनी एक काम हातात घेतलंय, तेवढं थांबलंय. महिनाभर ठेवून घ्या, पण चित्रकलेची परीक्षा जवळ आलीय. सराव तुटता कामा नये."

परीक्षेचं मला ते पहिल्यांदाच कळत होतं. त्यांनी माझं नाव सरकारी ग्रेड परीक्षेला परस्पर घातलं होतं. वडिलांनी माझ्याकडे पाहिलं. मामंजींनी पिशवीतून ड्रॉइंगचा बोर्ड काढला, पेन्सिली काढल्या आणि कोपरीच्या त्या पांढऱ्या खोलीत खिडकीशी, जिथे उजेड डावीकडून येतो तिथे, नीट मांडून ठेवल्या.

मी ती परीक्षा दिली, मग पुढची दिली. पुढे झालेला माझा धाकटा मुलगा शाळेत जायला लागला तेव्हा मीही एका मुलींच्या शाळेत चित्रकला शिकवायला लागले. मामंजी तोवर थकले होते. शाळेतून आले की ते विचारायचे, आज काय काढलं? मी सांगायचे आणि मग आमच्या दोघांचा चहा सासूबाई करायच्या.